ख्रिस्ती धर्मात देव 'प्रकट होतो' म्हणजे नक्की काय होतं?

कोरी_पाटी (धागाकर्ती)

नमस्कार मंडळी. सध्या बायबल थोडं थोडं वाचतेय, श्रद्धा वगैरे नाही, निव्वळ कुतूहल. त्याबद्दल जे काही लिखाण मिळतं त्यात दर दोन पानांनी 'प्रकटीकरण' येतं आणि लिहिणारा असा पुढे निघून जातो की जणू वाचणाऱ्याला ते आधीच माहितीये. मला जे दिसतं ते असं, मोशेला जळतं झुडूप दिसतं, एलीयाच्या बाबतीत वादळ भूकंप आग सगळं होऊन जातं आणि मग एक शांत मंद वाणी येते, कुणाला स्वप्न पडतं, कुणाला देवदूत भेटतो, आणि लूक मात्र सरळ लिहितो की मी सगळी बारकाईने चौकशी केली आणि आता क्रमवार लिहितोय. ह्या सगळ्याला एकच नाव कसं काय? आणि दुसरं म्हणजे, देव माझ्याशी बोलला म्हणणारे इतिहासात ढिगाने होऊन गेले, त्यातलं कुणाचं खरं धरायचं हे ह्यांनी कसं ठरवलं? जाणकारांनी सविस्तर लिहा, नुसत्या लिंका नकोत प्लीज.

उंबरठा

छान विषय. लांब होणार आहे, सांभाळून घ्या.

आधी ढोबळ विभागणी सांगतो, सामान्य प्रकटीकरण आणि विशेष प्रकटीकरण. सामान्य म्हणजे सृष्टी, माणसाची सदसद्विवेकबुद्धी, थोडक्यात कुणालाही कुठेही दिसू शकेल असं. १९ वं स्तोत्र सुरूच होतं आकाश देवाचा महिमा वर्णिते असं. रोमकरांस पत्राच्या पहिल्या अध्यायात पौल म्हणतो की देवाचं सामर्थ्य आणि देवपण सृष्टीवरून समजतं, त्यामुळे माणसाला सबब सांगायला जागा नाही. विशेष म्हणजे देवाने ठराविक काळी ठराविक माणसांना गाठून जे केलं आणि सांगितलं ते, अब्राहामाला बोलावणं, मिसर देशातून लोकांची सुटका, संदेष्टे, आणि शेवटी येशू. इब्री लोकांस पत्राची सुरुवात वाचा, पूर्वी देव संदेष्ट्यांच्या द्वारे अंशाअंशाने आणि नाना प्रकारांनी बोलला, आता पुत्राच्या द्वारे बोलला आहे. म्हणजे तुम्हाला जी विसंगती वाटतेय, झुडूप वेगळं स्वप्न वेगळं लूकची चौकशी वेगळी, ती त्या लेखकाला आधीपासून ठाऊक आहे आणि त्याला त्यात काही अडचण वाटत नाही.

आता माझ्या मते खरी गोम कुठे आहे ते सांगतो. बहुतेक लोक (चर्चमधले सुद्धा) असं धरून चालतात की प्रकटीकरण म्हणजे देवाने वरून माहिती पाठवली आणि ती पुस्तकात नोंदवली गेली. पण मुळात प्रकट होते ती माहिती नव्हे, एक व्यक्ती. दहा आज्ञा बघा ना, पहिलं वाक्य आज्ञा नाहीच. मिसर देशातून, दास्यगृहातून तुला बाहेर काढणारा तुझा देव तो मी, असं आधी येतं आणि मग आज्ञा. आधी ओळख, नंतर मजकूर. योहानाच्या शुभवर्तमानात शब्द देही झाला असं आहे, त्या शब्दाचं पुस्तक झालं असं कुठेही नाही. देव स्वतःबद्दल काही कळवतो ही दुय्यम गोष्ट, तो स्वतःला देतो ही मुख्य गोष्ट, आणि बायबल हे त्या देण्याचं साक्षीदार.

शिवाय सुरुवात देवाकडून. तप करून, अभ्यास करून गाठायची अवस्था नाही ही. मत्तयच्या १६ व्या अध्यायात पेत्र येशूला ख्रिस्त म्हणून ओळखतो तेव्हा येशू त्याच्या हुशारीचं कौतुक करत नाही, हे तुला रक्तमांसाने नाही तर माझ्या पित्याने प्रकट केलं म्हणतो. आणि गंमत म्हणजे त्याच अध्यायात काही ओळींनंतर पेत्र असं काही बोलतो की त्याला 'सैताना, माझ्या मागे हो' ऐकावं लागतं. प्रकटीकरण मिळालेला माणूस त्यानंतर सगळं बरोबरच बोलेल अशी काही गॅरंटी नाही.

घाईत_आहे

+१. वाचनखूण साठवली, रात्री नीट वाचतो.

तर्कट

उंबरठा, लिहिलंय छान पण मूळ अडचणीला बगल दिलीत. देव माहिती देत नाही, स्वतःला देतो, ठीक. पण ही 'व्यक्ती' तुम्हाला भेटते कुठे? पुस्तकात. पहिल्या शतकातल्या लोकांनी ग्रीकमध्ये लिहिलेल्या मजकुरात. म्हणजे फिरून माहितीवरच आलात, फक्त तिला जरा मानाचं आसन दिलंत. जर्मन विचारवंत लेसिंगने १७७७ मध्ये हेच विचारलं होतं, की इतिहासात कधीतरी घडलेल्या गोष्टीवरून सार्वकालिक सत्य सिद्ध कसं होणार. मधे एक ओंगळ रुंद खंदक आहे आणि मनापासून कितीही प्रयत्न केला तरी मला तो ओलांडता येत नाही, असं म्हणाला होता तो. त्याने चमत्कार स्वतः पाहिले असते तर गोष्ट वेगळी होती, पण त्याच्याकडे होते ते चमत्कारांचे वृत्तांत. आपणही तिथेच उभे आहोत.

जुना_कंदील

मी कॅथलिक, त्यामुळे त्या बाजूने लिहितो. तर्कटरावांच्या मुद्द्याकडे नंतर येऊ, आधी उंबरठांनी जे 'माहिती नव्हे' म्हटलं त्याचा इतिहास सांगण्यासारखा आहे.

थॉमस अक्वायनस, तेराव्या शतकातला ख्रिस्ती तत्त्वज्ञ. देव आहे इतपत माणूस बुद्धीने समजू शकतो, पण देव त्रैक्य (पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा मिळून एकच देव) आहे हे बुद्धीला कळणं शक्य नाही, ते देवानेच सांगावं लागतं असं त्याचं म्हणणं. मग जे बुद्धीने कळतं ते तरी देवाने का सांगितलं? तर अगदी व्यवहारी उत्तर आहे त्याचं, बुद्धीच्या मार्गाने ते थोड्यांनाच कळलं असतं, खूप काळ घालवून कळलं असतं, आणि त्यात चुकांची भेसळ असती. शेतात राबणाऱ्या माणसाने तारणासाठी तत्त्वज्ञान शिकून होईपर्यंत थांबायचं का? मला हे फार आवडतं.

पुढे सोळाव्या शतकात, प्रोटेस्टंट सुधारणेच्या काळात ल्यूथर वगैरे म्हणाले शास्त्र (म्हणजे बायबल) पुरेसं आहे, त्यावर १५४६ मध्ये ट्रेंटच्या परिषदेने सांगितलं की लिखित ग्रंथ आणि प्रेषितांपासून आलेल्या अलिखित परंपरा दोन्ही सारख्याच आदराने स्वीकारायच्या. १८७० च्या पहिल्या व्हॅटिकन परिषदेने वर भर घातली की देवाला बुद्धीच्या नैसर्गिक प्रकाशात निश्चितपणे ओळखता येतं. ह्या सगळ्यातून पाठ्यपुस्तकं अशी तयार झाली की प्रकटीकरण म्हणजे विधानांची यादी आणि तिचे दोन स्रोत, शास्त्र आणि परंपरा.

दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेत १९६२ च्या नोव्हेंबरमध्ये नेमका हाच मसुदा चर्चेला आला, नावातच 'प्रकटीकरणाचे स्रोत' असं अनेकवचन. बिशप लोक भडकले. चर्चा थांबवायची का ह्यावर मतदान झालं तर १३६८ म्हणाले थांबवा आणि ८२२ म्हणाले चालू ठेवा. पण नियम दोन तृतीयांशचा, म्हणजे बहुमत विरोधात असून मसुदा तांत्रिकदृष्ट्या जिवंत राहिला! शेवटी तेविसाव्या योहान पोपनी स्वतः मधे पडून तो काढून घेतला आणि नवी समिती नेमली, तिच्यात दोन्ही गटांची माणसं टाकून. १८ नोव्हेंबर १९६५ ला जो दस्तऐवज निघाला तो २३४४ विरुद्ध ६ मतांनी. त्यात सुरुवातीलाच येतं की देवाला आपल्या चांगुलपणात स्वतःला प्रकट करावंसं वाटलं, तो माणसांशी मित्रांशी बोलावं तसा बोलतो, आणि हे कृती आणि शब्द एकमेकांत गुंफून घडतं. शास्त्र आणि परंपरा एकाच झऱ्यातून वाहतात असं लिहिलं, दोन स्रोतांची भाषा गेली. तीन वर्षांत एवढा पालट म्हणजे कॅथलिक चर्चच्या हिशोबाने वाऱ्याचाच वेग.

कोरी_पाटी

@जुना_कंदील वा, हे मतदानाचं अजिबात माहीत नव्हतं. एक बाळबोध प्रश्न, बायबल देवाने सांगून लिहून घेतलं असं मानतात का? म्हणजे वेद अपौरुषेय म्हणतात तशा अर्थाने?

उंबरठा

नाही, आणि हा फरक महत्त्वाचा आहे. ख्रिस्ती लोक माणसांनी लिहिलं हे लपवत नाहीत, उलट लेखकांची नावं लावतात. पवित्र आत्म्याची प्रेरणा होती पण लेखक लेखकच राहिला, त्याची शैली, त्याचा स्वभाव, त्याचा राग सगळ्यासकट. सगळ्यात भारी उदाहरण करिंथकरांस पहिल्या पत्रातलं आहे. पौल तावातावाने लिहितोय की बरं झालं मी तुमच्यापैकी क्रिस्प आणि गायस सोडून कुणाचा बाप्तिस्मा केला नाही, मग पुढच्याच क्षणी आठवतं, हां स्तेफनाच्या घरच्यांचाही केला, आणखी कुणाचा केला असेल तर आठवत नाही बुवा. हे पवित्र शास्त्र आहे! देवाने शब्दन् शब्द सांगितला असता तर बाप्तिस्म्यांची यादी पूर्ण नसती का?

ह्यावरून आपसात भांडणं आहेतच. एक गट म्हणतो मूळ हस्तलिखितात कुठलीच चूक नाही, इतिहास विज्ञानाच्या बाबतीतही नाही, १९७८ चं शिकागोचं निवेदन त्याच मताचं, पण ते सुद्धा लेखकांची शैली आणि व्यक्तिमत्त्व देवाने वापरलं असंच म्हणतं. दुसरीकडे १९६५ च्या कॅथलिक मजकुरात आपल्या तारणासाठी देवाला जे सत्य नोंदवायचं होतं ते शास्त्र न चुकता शिकवतं अशी जपून केलेली मांडणी आहे. त्या 'तारणासाठी'चा अर्थ किती ताणायचा ह्यावर आजही पानंच्या पानं लिहिली जातात.

आता तर्कट. तुमचा मुद्दा मला मान्य आहे की व्यक्ती मजकुरातूनच भेटते. प्रोटेस्टंट सुधारक कॅल्विनला हे पुरतं कळलं होतं. तो म्हणतो देवाची जाणीव प्रत्येक माणसात पेरलेली आहे, पण पापामुळे आपली नजर अशी झालीये की समोर सुंदर पुस्तक ठेवलं तरी म्हाताऱ्या माणसाला दोन शब्द धड लागत नाहीत, शास्त्र हा चष्मा, तो लावला की सृष्टीही वाचता येते. मग हे शास्त्र खरं कशावरून? चर्चने शिक्का मारला म्हणून हे उत्तर तो धुडकावतो. संदेष्ट्यांच्या तोंडून जो आत्मा बोलला तोच वाचणाऱ्याच्या मनात साक्ष देतो, असं त्याचं उत्तर.

तर्कट

म्हणजे मला आतून खरं वाटतं म्हणून ते खरं. हे तर कुणीही कशाबद्दलही म्हणेल.

जुना_कंदील

आमचेही लोक कॅल्विनला हेच विचारत होते, बरं का :) बायबलमध्ये कुठली पुस्तकं घ्यायची ह्याची यादी बायबलमध्ये नाहीये. नव्या कराराची आजची २७ पुस्तकं, नेमकी एवढीच, अशी यादी आपल्याला पहिल्यांदा सापडते ती अलेक्झांड्रियाचा बिशप अथनेशियस ह्याच्या ३६७ सालच्या पत्रात. म्हणजे कुणीतरी निवड केली, वाद घातले, काही पुस्तकं बाहेर ठेवली, आणि हे करणारं चर्चच होतं.

तर्कट

आणि चर्चला तो अधिकार कुणी दिला? बायबलने. गोल गोल फिरा.

उंबरठा

फिरतंय खरं, नाकारत नाही. पण हे बघा, ज्या गोष्टीला तुम्ही अंतिम प्रमाण मानता तिच्यासाठी तिच्याबाहेरचं प्रमाण आणलंत की मग ते बाहेरचं अंतिम होतं. बुद्धी विश्वासार्ह आहे हे तुम्हीही बुद्धीनेच ठरवता. हा काही विजयी युक्तिवाद नाही, इतकंच म्हणतोय की ह्या गोलात मी एकटा नाही.

तर्कट

बुद्धीच्या गोलात आपण दोघंही आहोत, तुमच्या गोलात तुम्ही एकटे. हा फरक छोटा नाही.

मौनराग

एक बाजू राहतेय, पूर्वेकडच्या ऑर्थोडॉक्स चर्चची. चौदाव्या शतकात ग्रेगरी पालामास ह्याचा वाद झाला होता. ग्रीसमधल्या एथॉस डोंगरावरचे साधू म्हणायचे की प्रार्थनेत आम्हाला प्रकाश दिसतो आणि तो ताबोर डोंगरावर येशूच्या रूपांतराच्या वेळी (त्याचं रूप तेजाने उजळलं तेव्हा) शिष्यांना दिसलेलाच प्रकाश आहे. बार्लाम नावाच्या विद्वानाने त्यांची टिंगल केली. पालामास म्हणाला देवाचं मूळ तत्त्व कुणालाही कधीच कळणार नाही, पण त्याच्या ऊर्जा (देवाचं बाहेर येणारं कार्य म्हणा) खुद्द देवच आहेत आणि त्यात माणूस सहभागी होऊ शकतो. १३४१ आणि १३५१ च्या कॉन्स्टँटिनोपलच्या परिषदांनी पालामासची बाजू घेतली. म्हणजे पूर्णपणे प्रकट झालेला देवही पूर्णपणे गूढच राहतो. निर्गमच्या ३३ व्या अध्यायात मोशे तुझं तेज दाखव म्हणतो तर देव त्याला खडकाच्या फटीत ठेवून पाठमोरा दिसतो, मुख दाखवत नाही. वरच्या चर्चेत हे थोडं विसरलं जातंय असं वाटलं म्हणून लिहिलं.

कोरी_पाटी

@मौनराग हे फार आवडलं. अजून येऊ द्या.

उंबरठांनी सामान्य प्रकटीकरण सांगितलं त्याला सगळेच मानतात का? सृष्टीवरून देव कळतो ह्याच्यावर कुणाला काय आक्षेप असणार?

उंबरठा

हाहा, दुखरी नस पकडलीत. १९३४ मध्ये एमिल ब्रुनरने लिहिलं की माणसात देवाच्या शब्दासाठी काहीतरी नैसर्गिक जोड शिल्लक आहे, त्याच्यावर कार्ल बार्थने उत्तर दिलं त्याचं शीर्षकच 'नाही!' दोघं स्विस, दोघं बऱ्याच बाबतीत एका बाजूचे. बार्थचं म्हणणं, देव फक्त येशू ख्रिस्तात कळतो, बाकी निसर्ग इतिहास अंतःकरण ह्यावरून जो देव तयार होतो ती मूर्तीच.

हे टोकाचं वाटतं, पण साल बघा. जर्मनीत त्या वेळी 'जर्मन ख्रिस्ती' नावाची चळवळ म्हणत होती की देव राष्ट्रात, वंशात, रक्तात, हिटलरच्या उदयात प्रकट होतोय. इतिहासात देव दिसतो म्हटलं की कुणाला काय दिसेल ह्याला लगाम कुठला? मे १९३४ चं बार्मेनचं निवेदन, मुख्यतः बार्थनेच लिहिलेलं, त्यातलं पहिलंच कलम असं की येशू ख्रिस्त हाच देवाचा एकमेव शब्द, त्याच्या जोडीला दुसऱ्या घटना सत्ता व्यक्ती ह्यांना प्रकटीकरण मानणं खोटं. पुढच्या वर्षी बार्थची बॉन विद्यापीठातली नोकरी गेली. म्हणून मला हा वाद कोरडा वाटत नाही, ह्या एका मुद्द्यावर तेव्हा माणसं तुरुंगात जात होती.

(अवांतर: ह्याच बार्थला १९३७ मध्ये ॲबर्डीनला गिफर्ड व्याख्यानं द्यायला बोलावलं. ही व्याख्यानमाला मुळात नैसर्गिक थिऑलॉजीच्या (सृष्टी आणि बुद्धीवरून देव जाणण्याच्या) प्रसारासाठी. गेला आणि सुरुवातीलाच सांगून मोकळा झाला की मी ह्याच्या विरोधात आहे.)

तरी मला बार्थ पूर्ण पटत नाही. रोमकरांस पत्राचा पहिला अध्याय त्याला नीट पचवता येत नाही असं माझं मत.

घाईत_आहे

वाचलं सगळं. आमचं चर्च पेंटेकॉस्टल आहे (पवित्र आत्मा आजही थेट बोलतो असं मानणारा पंथ), आमच्याकडे दर रविवारी कुणीतरी उभं राहून प्रभूने मला असं सांगितलं म्हणतं. तुमच्या चर्चेत प्रकटीकरण म्हणजे फार जुनी घटना असल्यासारखं चाललंय. आमच्यासाठी ते चालू आहे. आता ह्यातलं किती देवाकडून आणि किती बोलणाऱ्याच्या डोक्यातून हा प्रश्न आम्हालाही पडतो हां, आंधळे नाही आम्ही.

जुना_कंदील

तुमचा प्रश्न दुसऱ्या शतकातही आला होता. फ्रिजियात (आजच्या तुर्कस्तानात) माँटेनस आणि त्याच्या बरोबरच्या दोन स्त्रिया प्रिस्किला आणि मॅक्सिमिला, आमच्यातून थेट आत्मा बोलतो म्हणायच्या. टर्टुलियनसारखा जबरदस्त डोक्याचा ख्रिस्ती लेखकही तिकडे ओढला गेला. चर्चने त्यांना बाहेर काढलं. तेव्हापासून ही भूमिका घट्ट होत गेली की सार्वजनिक प्रकटीकरण प्रेषितांच्या पिढीबरोबर पूर्ण झालं, नवीन भर पडणार नाही.

क्रुसाचा संत योहान, सोळाव्या शतकातला गूढवादी, स्वतः एवढा अनुभवी, पण दर्शनांच्या मागे लागणाऱ्यांना तो झापतो. पुत्र हाच देवाचा एकमेव शब्द आणि त्यात त्याने सगळं सांगून टाकलं, आता त्याच्याकडे आणखी बोलायला काही नाही, मग तुम्ही नवीन काय मागता?

लूर्द १८५८, फातिमा १९१७ इथली मरियेची दर्शनं ही आमच्या भाषेत खाजगी प्रकटीकरणं. चर्चने मान्यता दिली तरी विश्वास ठेवण्याची सक्ती कॅथलिक माणसावर नाही. फातिमावर अजिबात विश्वास नसलेला माणूस पूर्ण कॅथलिक असू शकतो, हे आमच्याच लोकांना सांगितलं की भांडायला उठतात. मे २०२४ मध्ये रोमने नवीन नियम काढले त्यात तर बिशपनी साधारणपणे 'हे अलौकिकच आहे' असं जाहीर करायचंच नाही असं ठरलं. फार तर हरकत नाही एवढं म्हणायचं.

उंबरठा

@घाईत_आहे पौलाने तुमचीच सभा डोळ्यासमोर ठेवून लिहिल्यासारखं आहे बघा, दोघा तिघांनी संदेश सांगावा आणि बाकीच्यांनी त्याची पारख करावी. पारख करणाऱ्यांचं काम वगळलं तर अर्धीच सूचना पाळली जाते. योहानाच्या पहिल्या पत्रातही प्रत्येक आत्म्यावर विश्वास ठेवू नका, परीक्षा करा असंच आहे, आणि कसोटी दिलीये ती येशू देहाने आला हे कबूल होतं की नाही ही.

घाईत_आहे

पारख करणारे आमच्यात कमी आहेत, आमेन म्हणणारे जास्त. बोलून बघतो पाळकांशी.

तर्कट

आता परीक्षेवर आलातच म्हणून सगळ्यात अवघड केस टाकतो. उत्पत्ती २२. अब्राहामाला आवाज येतो, मुलाचा बळी दे. तत्त्वज्ञ कांटने १७९८ मध्ये लिहिलंय की अब्राहामाने उत्तर द्यायला हवं होतं, माझ्या चांगल्या मुलाला मी मारू नये हे मला पक्कं ठाऊक आहे, पण मला दिसणारा तू देव आहेस हे पक्कं नाही. संपला विषय. नैतिक जाणीव जास्त खात्रीची, आवाज कमी खात्रीचा. आज कुणी असा आवाज ऐकला म्हणाला तर उंबरठा आणि जुना_कंदील दोघंही आधी त्या मुलाला बाजूला घेतील. मग अब्राहामाला सूट का?

उंबरठा

मुलाला नक्कीच बाजूला घेईन, एक क्षण थांबणार नाही.

डॅनिश तत्त्वज्ञ किर्केगॉरने १८४३ मध्ये ह्याच कथेवर अख्खं पुस्तक लिहिलं, आणि अब्राहाम मला समजत नाही असं त्याचा निवेदक त्यात पुन्हा पुन्हा म्हणतो. मी त्याच्या पुढे गेलेलो नाही. एवढं दाखवू शकतो की ज्या आवाजाने मागितलं त्यानेच थांबवलं, आणि यिर्मयाच्या ७ व्या अध्यायात देव मुलांच्या होमाबद्दल म्हणतो की हे मी आज्ञापिलं नाही, माझ्या मनातही आलं नाही. म्हणून आज तसा आवाज ऐकणाऱ्याला ख्रिस्ती परंपरा तिच्याच आतून म्हणू शकते की हा देव नव्हे. नंतरचं प्रकटीकरण आधीच्याला तपासतं, येशूवरून मागचं वाचायचं.

तर्कट

मग यिर्मयाच्या आधी जन्मलेल्या अब्राहामाकडे कसोटी कुठली होती?

उंबरठा

लिखित अशी कुठलीच नाही. तोवर त्याला ज्याने घर सोडायला लावलं, म्हातारपणी मूल दिलं, सदोम शहर वाचवण्यासाठी घासाघीस करू दिली, त्याच आवाजाची जुनी ओळख, एवढंच होतं.

तर्कट

सदोमाच्या अनोळखी लोकांसाठी घासाघीस करतो आणि पोटच्या पोरासाठी एक शब्द काढत नाही, हे काय आहे?

मौनराग

ह्याच्यावर वेगळा धागा काढा कुणीतरी, इथे दबून जाईल.

कोरी_पाटी

मी काढते. उत्पत्ती १८ आणि २२ शेजारी शेजारी ठेवून वाचते आधी. तर्कट, तिकडे याच.